आक्कासाहेबांची बिनचेहऱ्याची फिल्म

बंद दार समोर आलं की आक्कासाहेब थांबत. दार ढकलायचं असतं, कडी काढायची असते, हे त्यांना अर्थातच ठाऊक होतं. पण जन्मापासून प्रत्येक दार दुसऱ्याच कुणीतरी उघडलेलं, त्यामुळे हाताला ती सवयच नव्हती. थांबत, आणि इतक्या सहज थांबत की पाहणाऱ्याला वाटावं, चूक दाराचीच आहे. बदलापूरच्या पोरांनी हे पहिल्या आठवड्यातच हेरलं होतं. आक्कासाहेब उठल्या रे उठल्या की चार-पाच जण दाराकडे धावत आणि ज्याचा हात आधी लागेल तो दिवसभर छाती पुढे काढून फिरे. माझी शालू त्या वेळी सात वर्षांची. एकदा अंबरनाथच्या आमच्या क्वार्टरच्या दारापुढे ती नुसतीच उभी राहिलेली दिसली. "अगं, आत ये की," बायको म्हणाली. शालू म्हणाली, "मी आक्कासाहेब आहे." बायको म्हणाली, "बरं झालं. आक्कासाहेबांनी आधी पाय धुवावेत आणि मग कोथिंबीर निवडावी."

आक्कासाहेब घाटावरच्या एका संस्थानाच्या कन्या. संस्थानाचं नाव सांगत नाही. नकाशावर बोट ठेवलं तर अख्खं झाकलं जाईल एवढं ते लहान होतं. तरुणपणीच विधवा होऊन त्या माहेरी, राजवाड्यात परत आल्या आणि तिथेच गोषात राहिल्या. पुढे संस्थानं विलीन झाली, हत्ती देवस्थानाला दिला गेला, आणि आक्कासाहेब हौसा नावाच्या एका जुन्या दासीला घेऊन बदलापूरला आल्या. थोरल्या महाराजांनी कधीकाळी हवापालटासाठी तिथे बंगला बांधून ठेवला होता. पण हे सगळं मला नंतर कळलं. मला आधी ठाऊक होत्या त्या लहान मुलांची पुस्तकं लिहिणाऱ्या आक्कासाहेब. त्यांची चारही पुस्तकं शालूने वाचून वाचून खिळखिळी केली होती. त्या पुढच्याच स्टेशनाला राहतात हे कळल्यावर तिने घरात असा काही धोसरा लावला, की एका रविवारी मी तिला घेऊन निघालोच.

मी अंबरनाथच्या एका कारखान्यात केमिस्ट होतो. राजेरजवाड्यांबद्दल माझं मत फारसं बरं नव्हतं आणि ते मी चारचौघांत बोलूनही दाखवत असे. म्हणून बंगल्याच्या पायऱ्या चढताना मी मनाशी ठरवलं होतं, मुजरा वगैरे काही करायचा नाही, साधा नमस्कार करायचा. त्याची वेळच आली नाही. व्हरांड्याच्या तोंडाशी हौसाने मला अडवलं. "पोरगी आत. मोठ्या मानसांनी तकडं बसायचं," ती म्हणाली आणि तिने बोट दाखवलं. व्हरांड्याच्या एका बाजूला चिकाचा, म्हणजे बांबूच्या काड्यांचा, पडदा सोडलेला होता आणि त्याच्याआड चटईवर स्टेशनमास्तरांची बायको, कुणाचे तरी आजोबा आणि जवळच्या चामटोली गावचे दोन-तीन बाप्ये मुकाट बसले होते. मीही जाऊन बसलो. आक्कासाहेबांच्या घरी गोषा मोठ्यांना होता.

त्याचं कारण त्यांनी मला पुढे केव्हातरी सांगितलं. मोठ्या माणसाचा चेहरा समोर दिसला की मूल पुरतं हसत नाही, आधी त्या चेहऱ्याकडे बघून घेतं, असं त्यांचं म्हणणं. मी चिकाआडून महिनोन्महिने पाहिलं आहे, ते खरं होतं. घरी मी 'श् श्' केल्याशिवाय एक वाक्य पुरं न करणारी माझी मुलगी तिथे लोळून हसत होती आणि मला ती नवीनच वाटत होती.

गोष्ट सुरू करण्याआधी आक्कासाहेब एकच प्रश्न विचारत. "खरी सांगू की गोड सांगू?" मग पोरांचा गिल्ला. कुणी खरी, कुणी गोड. त्या सगळ्यांचं शांतपणे ऐकून घेत आणि दोन्ही सांगत. आवाज मोठा नव्हता. हातवारे नाहीत, डोळे मोठे करणं नाही, वाघाचा आवाज काढणं नाही. ताठ बसून, पदर दोन्ही खांद्यांवरून घेऊन, दरबारात एखादी हकिकत निवेदन करावी तसं सांगत, आणि पस्तीस-चाळीस पोरं श्वास धरून ऐकत. मी कारखान्यात वीस माणसांपुढे बोलायचं तर घसा खाकरत असे. त्या माऊलीला पाहून मला पहिल्याच दिवशी धाक वाटला, आणि तो पुढे वाढतच गेला.

पहिल्या दिवशी त्यांनी सांगितली ती हत्तिणीची गोष्ट. राजवाड्यात रंभा नावाची हत्तीण होती. कुणी बडा गोरा साहेब पाहुणा यायचा होता, त्याची मिरवणूक निघाली आणि ऐन बाजारपेठेत रंभा साहेबासकट खाली बसली. काही केल्या उठेना. गोड गोष्टीत ती बसली कारण साहेबाने तिला नमस्कार केला नव्हता. खऱ्या गोष्टीत तिच्या पायात काटा गेला होता. पोरं हसून हसून बेजार झाली. तेवढ्यात चामटोलीच्या पलीकडच्या वाडीतली बुधी नावाची एक काटकुळी पोर उभी राहिली. तिने विचारलं, "मंग त्यो काटा कोनी काडला?"

आक्कासाहेब म्हणाल्या, "आम्हांला ठाऊक नाही. आम्ही खिडकीतून पाहत होतो, आणि मिरवणूक पुढे गेली. आपण फार चांगलं विचारलंत. पुढच्या रविवारी सांगू."

आपण! त्या प्रत्येक मुलाला 'आपण' म्हणत. मुनिमाचा मुलगा असो, नाहीतर लाकडाच्या मोळ्या विकणाऱ्याची बुधी असो. आपण जेवलात का, आपलं नाक पुसा, आपण त्यांच्या अंगावरून उठा. मोठ्यांना मात्र सरळ आडनावाने. मला म्हणत, 'कर्णिक, बसा'. पुढच्या रविवारी त्यांनी काट्याचं उत्तर आणलं. तो काटा हौसाच्या बापाने दातांनी उपटून काढला होता. हौसा तीस वर्षं त्यांच्या उशापायथ्याशी होती आणि ही गोष्ट त्यांनी तिला कधी विचारलीच नव्हती. हे त्यांनी मुलांसमोर जसंच्या तसं सांगितलं. त्यानंतरच्या त्यांच्या प्रत्येक गोष्टीत काटा काढणारं कुणीतरी असेच, आणि त्याला नाव असे.

एकदा मी धीर करून विचारलं, "आक्कासाहेब, आपण मुलांसाठीच का लिहायला लागलात?"

"दुसरं कोण होतं?" त्या म्हणाल्या. "राजवाड्यात आम्ही पडद्याआड, जग बाहेर. आत येऊ शकत ती फक्त मुलं. मिसरूड फुटेपर्यंत कुणालाच मज्जाव नव्हता. माळ्याची मुलगी यायची, घोडे सांभाळणाऱ्या मोतद्दाराचे दोघे यायचे. पण मुलंच ती. कंटाळली की उठून जायची. ती गेली की दिवस फार मोठा व्हायचा. मग आम्ही गोष्टी रचायला लागलो, ती थांबावीत म्हणून."



आता त्या फिल्मबद्दल. शालूच्या फ्रॉकला बटणं हवी होती आणि त्यासाठी आम्ही उल्हासनगरला कॅम्प दोनला जाणार होतो. ते आक्कासाहेबांच्या कानावर गेलं. "बटणांचं वेगळं दुकान असतं?" त्यांनी विचारलं. असतं म्हटल्यावर त्याही हौसासह निघाल्या. फाळणीत सगळं मागे टाकून आलेल्या सिंधी लोकांनी पाच-सहा वर्षांत लष्करी बराकींचा बाजार करून टाकला होता. एका बराकीत पापड लाटले जात होते, दुसरीत कुलपं जुळवली जात होती, तिसरीत नुसती बटणं. आक्कासाहेबांनी मूठभर बटणं ओंजळीत घेतली आणि कितीतरी वेळ त्यांकडे बघत राहिल्या. दुकानदार आधी "लेना है तो लो, माई" म्हणाला. मग त्यांचा चेहरा बघून त्याने खाली उतरून स्टूल दिलं. असं नेहमी व्हायचं. त्यांच्या अंगावर एक दागिना नसे, पांढरं साधं लुगडं असे, तरी लोक उठून उभे राहत.

तिथेच शेजारी गोविंदरामचा फोटो स्टुडिओ होता. गोविंदराम कराचीचा. तिकडे त्याचं मोठं दुकान होतं. इकडे एका खोलीत, मागे रंगवलेलं तळं आणि पुढे एक खुर्ची, एवढाच थाट. मी त्याच्याकडून कारखान्याच्या पाससाठी फोटो काढून घेतला होता, तेवढी ओळख. त्याने आक्कासाहेबांना दारातून जाताना पाहिलं आणि धावतच बाहेर आला.

"साईं, ह्या कोण? माई, एक फोटो काढू या? ऐसा चेहरा मी कराचीमधे पण नाही बघितला. एकदम राणीसारखा!"

हौसाने तोंडाला पदर लावला. मला वाटलं, आता काहीतरी राजेशाही कानउघाडणी होणार. पण आक्कासाहेब हसल्या, आत जाऊन त्या रंगीत तळ्यासमोरच्या खुर्चीवर बसल्या आणि म्हणाल्या, "फोटो एकदा निघाला होता. तो पुरे झाला." आणि मग हत्तिणीची गोष्ट सांगावी त्याच आवाजात त्यांनी तीही गोष्ट सांगितली.

पहिलं पुस्तक छापून आलं तेव्हा एका साप्ताहिकाने त्यांचा फोटो छापला. डोक्यावरून पदर होता, पण चेहरा उघडा. राजवाड्यात ते साप्ताहिक येत नसे, त्यामुळे कुणाला पत्ता नव्हता. मग एके दिवशी मुदपाकखान्यात बाजारातून खारकांची पुडी आली. आईसाहेबांनी, म्हणजे आक्कासाहेबांच्या मातोश्रींनी, ती उपासासाठी उघडली आणि पुडीच्या कागदावर त्यांच्या मुलीचा चेहरा होता. वाण्याने हाताळलेला, चुरगळलेला. ज्या घराण्यातल्या बाईचं नखही बाहेरच्या पुरुषाने पाहिलं नव्हतं, त्या घराण्यातला तो चेहरा. आईसाहेब ओरडल्या नाहीत. देवघरात गेल्या, कुलदैवतापुढे बेलभंडार उचलला आणि शपथ घेतली, की हा चेहरा पुन्हा पाहणार नाही. बेलाचं पान आणि भंडारा हातात घेऊन बोललेला शब्द आमच्याकडे मागे घेता येत नाही. त्या दिवसापासून मायलेकी एका छपराखाली होत्या तेव्हाही मध्ये पडदा सोडून बोलत. पुढे बोलणंही थांबलं. म्हणून आक्कासाहेब बदलापूरला आल्या.

"आता आईसाहेबांचं वय झालंय," त्या म्हणाल्या. "अंथरुणावर आहेत. वैद्य म्हणतात, दिवाळी पाहतील न पाहतील. आम्ही त्यांना शब्द मोडायला लावणार नाही. पण आम्ही इथे काय करतो, कशा राहतो, हे त्यांनी एकदा पाहावं असं फार वाटतं. पाहून त्यांना बरं वाटावं असंही नाही. पाहावं, एवढंच."

गोविंदराम तोवर जमिनीवर बसला होता. त्याने अर्ध्या कराचीचे फोटो काढले होते आणि निघताना त्याच्या हाती स्वतःच्या आईचा एकही फोटो नव्हता. आई वाटेतच गेली. हे त्याने मला नंतर सांगितलं. तेव्हा तो एवढंच म्हणाला, "माई, चेहरा नाही दाखवायचा ना? नाही दाखवणार. बाकी सगळं तर आहे ना?" मग त्याने कपाटातून एक जाड रजई काढली. तिच्या घड्यांमधून निघाला एक चावीचा सिनेमा कॅमेरा. लोकांनी भांडी आणली, दागिने आणले, आणि याने रजईत हे गुंडाळून आणलं होतं.

तर अशी ती फिल्म सुरू झाली. चेहरा एकदाही न दाखवता माणूस दाखवायचा. मी कागदावर दृश्यांची जुळणी करून दिली होती, मोठ्या हौसेने. गोविंदरामने ती एकदा वाचली आणि खिशात घातली, पुन्हा काढली नाही. कॅमेऱ्याला चावी दिली की तो अर्धा मिनिट जेमतेम चाले. त्यामुळे सगळी फिल्म तुकड्यातुकड्यांची. तो रविवारी येई, व्हरांड्यातल्या पोरांना आधी दोन गमती करून दाखवी आणि मग पोरांना त्याचा विसर पडेपर्यंत वाट बघे. चिकाआडून उठून बाहेर वावरायची परवानगी मिळालेला तो एकटाच मोठा माणूस. "हे काम करतायत," आक्कासाहेबांनी मुलांना सांगितलं, "यांना मोठं धरू नका."

त्याने काय काय टिपलं! पायऱ्यांवर ओळीने काढून ठेवलेली पोरांची पायताणं, आणि पायताण नसलेल्यांच्या ओल्या पावलांचे ठसे. आक्कासाहेबांची रिकामी खुर्ची. त्यांचा पाठमोरा अंबाडा आणि त्याच्यापलीकडे तोंडं उघडी टाकून बसलेली मुलं. गोष्ट दिसत नव्हती, ऐकू येत नव्हती, पण पोरांच्या तोंडांवरून रंभा बाजारात बसली तो क्षण अचूक कळे. बंद दार, त्याच्या फटीतून दिसणारी लुगड्याची किनार, थांबलेली. मग खालून येणारा बुधीचा हात, कडी काढणारा. तो तुकडा काढताना मी चिकाआडूनच हळूच म्हणालो, "त्यात काय आहे, गोविंदराम? नुसतं दार." तो म्हणाला, "साईं, आई बघणार आहे. आईला समजेल."

हात लिहितानाचा तुकडा सगळ्यांत मोठा. दौत, टाक, कागदावरून सरकणारा उजवा हात. कॅमेरा बंद झाल्यावर आक्कासाहेबांनी बोटं मोडली आणि म्हणाल्या, "हा हात आमचा खरा नव्हे, बरं का. आम्ही डावखुऱ्या. पण डाव्या हाताने जेवणारी मुलगी दुसऱ्याच्या घरी कशी द्यायची? म्हणून आईसाहेबांनी मखमलीची पिशवी शिवून घेतली होती. सकाळी डावा हात त्या पिशवीत घालून वर गाठ मारायची, ती रात्री सुटायची. झाडावरच्या आंब्याला बांधतात तशी. वर्षभर होती. मग हात शहाणा झाला."

पोरं खदखदून हसली. शालूने घरी येऊन स्वतःच्या हाताला पिशवी बांधून जेवायचा प्रयत्न केला आणि आमटी सांडली. मला हसू आलं नाही. आक्कासाहेबांनी सांगितलेल्या सगळ्या गोष्टींत ही एकच अशी होती, जिच्यात काटा काढणारं कुणी नव्हतं.

एक घोटाळा झाला. फिल्म धुऊन आली आणि स्टुडिओच्या भिंतीवर आम्ही ती पाहत होतो. हात धुण्याच्या घंगाळाचं दृश्य आलं. पाणी हललं, स्थिर झालं, आणि पाण्यात आक्कासाहेबांचा चेहरा उमटला. पुरता, स्वच्छ, किंचित हसरा. गोविंदराम "वाह" म्हणाला आणि लगेच त्याने कपाळावर हात मारला. सबंध फिल्ममध्ये त्याच्या तोडीचा तुकडा नव्हता. तो ठेवायचा का, यावर आम्ही दोघे तासभर भांडलो. पाण्यातलं प्रतिबिंब म्हणजे चेहरा नव्हेच, असा माझा युक्तिवाद. शेवटी आक्कासाहेबांना विचारलं. त्यांनी ती पट्टी उन्हात धरली आणि स्वतःच्या त्या एवढ्याशा चेहऱ्याकडे बराच वेळ पाहत राहिल्या. मग हौसाकडून कात्री मागवून घेतली. "पळवाट काढून भेटायचं असतं तर केव्हाच भेटलो असतो," त्या म्हणाल्या आणि तो तुकडा त्यांनी स्वतःच्या हाताने कापला. त्या क्षणी, खरं सांगतो, मी मुजरा केला असता.

दसरा झाल्यावर मी आणि गोविंदराम ती फिल्म आणि कारखान्याच्या क्लबकडून मागून घेतलेला प्रोजेक्टर घेऊन घाटावर गेलो. राजवाड्याच्या पुढच्या भागात सरकारी कचेरी आली होती. मागचा भाग अजून त्यांच्याकडे होता. कारभारी म्हातारा, पागोटेवाला. त्याने सगळी व्यवस्था आधीच ठरवून ठेवली होती. आईसाहेब आतल्या खोलीत पलंगावर. आम्ही परपुरुष, तेव्हा आम्ही बाहेरच्या दालनात. आणि मधल्या दाराला, आईसाहेबांना दिसेल असं, मलमलीचं धोतर ताणून बांधलेलं. तोच पडदा, तोच गोषा. "तुम्ही इकडून चित्र टाका, आईसाहेब तिकडून पाहतील," कारभारी म्हणाला. गोविंदरामने धोतराला बोट लावून पाहिलं आणि ते ओलं करायला सांगितलं, म्हणजे चित्र आरपार दिसेल. त्या गडबडीत त्याच्या डोक्यात, माझ्या डोक्यात, कुणाच्याच डोक्यात दुसरी गोष्ट आली नाही.

यंत्र सुरू झालं. आतून फक्त दम लागल्यासारखा श्वास ऐकू येत होता. पायताणं गेली, खुर्ची गेली. पोरांची तोंडं आली तसा आतून खोल गेलेला पण करारी आवाज आला. "एवढी पोरं कुणाची?"

कारभारी इकडूनच म्हणाला, "गोष्ट ऐकायला येतात, आईसाहेब. आक्कासाहेबांची."

"एवढी?"

मग दार आलं. किनार थांबली. बुधीचा हात आला. आतून एक बारीक, खोकल्यात मिसळलेलं हसू आलं. "अजून दार उघडत नाही ही." गोविंदरामने अंधारात माझा गुडघा दाबला.

आणखी एक-दोन तुकडे गेले. मग, "चेहरा कसा नाही आला कुठे?"

कारभाऱ्याने माझ्याकडे पाहिलं. मीच बोललो. आईसाहेबांशी मी बोललेलं ते एकच वाक्य. "आपला बेलभंडार आहे म्हणून त्यांनी येऊ दिला नाही."

"शहाणी आहे," आईसाहेब म्हणाल्या.

तेवढ्यात लिहिणारा हात आला. दौत, टाक, सरकणारा हात. आतून पलंग करकरला. आणि मग त्या म्हणाल्या, "डाव्या हाताने लिहितेय."

माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. कापडाच्या पाठीमागून पाहणाऱ्याला चित्र उलटं दिसतं. उजवं ते डावं. आम्हां दोघांनाही ते एकदमच कळलं, कारण गोविंदरामचा हात यंत्राच्या बटणाकडे गेला आणि माझा त्याच्या हातावर.

"पिशवी मीच बांधली होती," आतला आवाज म्हणाला. आता तो कारभाऱ्याशी बोलत नव्हता, आमच्याशीही नाही. "रडायची. सुटली की तो हात दुसऱ्या हाताने चोळत बसायची. एवढं करून हात आपला होता तिथेच. कुणाला सांगितलं नाही हिने, आपलं आपलं लिहीत बसली." हात लिहीतच होता. "राहू दे. तिला म्हणावं, लिही त्याच हाताने. आता मी काही म्हणणार नाही."

फिल्म संपली, पांढरा उजेड कापडावर पडला. "परत लावा," आईसाहेब म्हणाल्या.

गोविंदराम पट्टी गुंडाळता गुंडाळता माझ्या कानाशी लागला. "साईं, उलटी करके लगाऊँ? सही दिखेगा." मी मान हलवली. "नको. होती तशीच लाव." त्याने माझ्याकडे पाहिलं, आणि तशीच लावली.

बदलापूरला पोचलो तेव्हा आक्कासाहेब व्हरांड्यातच होत्या. मी सवयीने चिकाकडे वळलो. "इकडे या, कर्णिक," त्या म्हणाल्या आणि त्यांनी मुलांच्या चटईकडे बोट दाखवलं. इतक्या महिन्यांत पहिल्यांदाच मी त्या व्हरांड्यात त्यांच्यासमोर बसलो. त्यांचे हात मांडीवर होते. "खरी सांगा," त्या म्हणाल्या. "गोड नको."

मी सगळं सांगितलं. धोतरसुद्धा सांगितलं, ओलं केलं तेही. उलटं चित्र ऐकून त्या आधी हसल्या, अगदी मुलांसारख्या, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. आणि मग पाणी येतच राहिलं आणि हसू थांबलं. "पण तसं म्हणाल्या?" त्यांनी विचारलं. "म्हणाल्या," मी सांगितलं. "आता मी काही म्हणणार नाही, असं?" "हो." आक्कासाहेब उठल्या आणि आत गेल्या. आतलं दार उघडंच होतं.

आईसाहेबांनी दिवाळी पाहिली नाही. तार आली तेव्हा मी कारखान्यात होतो. भेटायला जाईपर्यंत चार-आठ दिवस गेले. त्याच सुमारास मला दुसरीकडे नोकरी मिळाली होती, तेव्हा ती निरोपाचीही भेट होती. त्यानंतर आक्कासाहेबांची पत्रं आली, पुस्तकं आली, पण त्या पुन्हा दिसल्या नाहीत.

त्या भेटीच्या दिवशी दुपारची वेळ होती. चिक गुंडाळून वर बांधलेला होता. व्हरांड्यात जमिनीवर दोन पाट्या होत्या, एकीपुढे बुधी आणि दुसरीपुढे आक्कासाहेब. त्यांनी बुधीला अक्षरं शिकवायला घेतली होती, हे मला ठाऊक होतं. पण त्या स्वतः पाटीवर ओणवून काय करत होत्या ते मला पायऱ्या चढेपर्यंत कळलं नाही. पेन्सिल डाव्या हातात होती. हात घट्ट आवळलेला, जीभ किंचित दातांत, आणि पाटीवर वाकडातिकडा, एवढा मोठा 'अ'. चार पुस्तकं लिहिलेल्या बाईंचा. मी जिथे होतो तिथेच थांबलो.

बुधीने त्यांच्या पाटीकडे पाहिलं, मग स्वतःच्या. तिचा 'अ' बरा होता. "आक्कासाब," ती म्हणाली, "तुमाला बी येत नाय?"

"नाही ना," आक्कासाहेब म्हणाल्या. त्यांनी पाटी पुसली आणि पेन्सिल पुन्हा त्याच हातात नीट धरली. "आम्हांला आत्ताच परवानगी मिळाली."